मागची रांग

एकोणऐंशी सालचा चैत्र सरत आला होता. नालवाडीतल्या आपल्या अंगणात रुख्मिणी कुरडया वाळत घालत होती, तेव्हा मधुकरराव आले. दोन वर्षांत पहिल्यांदाच. चपला त्यांनी अशा अदबीनं काढल्या, की जणू देवळातच आलेत. अडला हरी गाढवाचे पाय धरी म्हणतात. आज गाढव व्हायचा मान आपला आहे हे रुख्मिणीनं ओळखलं आणि बसायला पोतं टाकलं.

"वहिनी, बोरगावले भजनाची स्पर्धा हाय. 'फेरा' म्हनतो आपन. पन मले तो पुरा पाह्यजे. मागच्या रांगेसकट."

'फेरा' तिच्या नवऱ्यानं, तानबानं बांधलेला. असं समूहभजन आसपास कुणी ऐकलं नव्हतं. गाणाऱ्यांच्या तीन रांगा. पुढच्या रांगेनं आताचं कडवं म्हणायचं, मधलीनं त्याच वेळी झालेलं कडवं, आणि मागचीनं, अजून यायचं असलेलं. तिन्ही एका तालात, एकमेकींच्या अंगावर. काळ असाच असतो, तानबा म्हणायचा, आपल्याला एकच रांग ऐकू येते एवढंच.

भजनाच्या रिवाजाप्रमाणे शेवटच्या कडव्यात बांधणाऱ्याचं नाव येतं. मधुकरराव गावच्या भजनी मंडळाचे बुवा, तानबा त्यात खंजिरीवाला. त्यांनी नागपूरच्या रेडिओवर दोनच रांगांचा 'फेरा' म्हटला आणि 'तानबा म्हणे' काढून 'मधुकर म्हणे' घातलं. तानबा जाब विचारायला गेला, तर ते चारचौघांत हसले. "खंजिरी वाजवनाऱ्याले गानं बांधता येते काय?" त्यानंतर तानबानं खंजिरीला हात लावला नाही. तो खंगत गेला, आणि दिवाळीच्या आत रुख्मिणीचं कुंकू पुसलं गेलं.

मागची रांग मंडळात कधी गायलीच गेली नव्हती. तानबानं ती एकदा, याच अंगणात, बायकोला मागे बसवून करून पाहिली होती.

"बोल काय म्हनू?" तिनं विचारलं होतं.

"बोल म्या बांधले नाईत. तू सूर धर. बोल आपल्या मनानं येतेत."

आणि आले. 'गोऱ्हा बाभळीखाली निजला,' असं स्वतःच्याच तोंडून तिनं ऐकलं. पुढच्या कडव्याला तानबानं तेच म्हटलं. संध्याकाळी त्यांचा गोऱ्हा बाभळीखाली मरून पडलेला सापडला. तानबा पांढराफटक झाला. "मागून आलं ते पुढच्याले म्हनाच लागते, रुखमे. हे रांग रिकामीच राहू दे."

हे मधुकररावांना सांगायला हवं होतं. तिच्या जिभेवर आलंही होतं. तिनं विचारलं, "शेवटच्या कडव्यात नाव कोनाचं राहीन, भाऊजी?"

मधुकरराव पोत्याचा सुटलेला दोरा ओढत राहिले. "आता रेडिओवर गेलं ना, वहिनी. लोकायले मालूम झालं. ते मांगं कसं फिरवता येते?"

"बराबर हाय," रुख्मिणी म्हणाली. "दोन बायका पाठवजा. शिकवीन मी."

मनकर्णाबाई आणि आनंदाबाई आल्या. तिनं त्यांना नुसता सूर शिकवला. बोलांचं विचारलं, की म्हणायची, "तिथं गेल्यावर येतेत."

स्पर्धा दुपारची, शाळेच्या मैदानात. मांडवात गर्दी मावत नव्हती. मधुकररावांनी सूर लावला आणि शेंगा फोडणारे हात थांबले. गळा गोड होता माणसाचा, ते रुख्मिणीनंही कधी नाकारलं नाही. त्या दोघींच्या मध्ये उभी राहून तिनं सूर धरला.

'तांब्या कलंडला, पाणी सांडलं,' तिघी म्हणाल्या.

मधुकररावांनी मान वळवून पाहिलं. कडवं पालटलं, तसं त्यांच्या तोंडून तेच निघालं, आणि त्यांच्या पायापाशी ठेवलेला तांब्या कुणाचाही धक्का नसताना आडवा झाला. पेटीवाल्यानं पेटी मागे ओढली. लोक हसले.

मागून पुढचं आलं. 'वारा पडला, कापड राहिलं.' कडवं पालटताच मांडवाचं फडफडणारं कापड गप्प झालं.

त्याच वेळी मागून आलं, 'मधुकर म्हणे, श्वास सरला.'

त्यांनी ते ऐकलं. त्यांचा चेहरा उतरला. पुढच्या कडव्याला न जाता त्यांनी वाऱ्याचंच कडवं पुन्हा घेतलं. मग पुन्हा.

रुख्मिणीनं पाहिलं, परीक्षकाचा पान घेतलेला हात तोंडापाशी अडून राहिला होता. मांडवाच्या खांबाची सावली हलत नव्हती. एका बाईच्या कडेवरचं पोर रडायला तोंड उघडून तसंच होतं. मधुकरराव कडवं पालटत नव्हते तोवर मैदानात काहीच पुढे सरकणार नव्हतं.

त्यांचा आवाज फाटू लागला. त्यांनी वळून तिच्याकडे पाहिलं. मग वाऱ्याच्या कडव्यातच त्यांनी नवे शब्द घातले.

"तानबा म्हणे," ते गायले. "तानबा म्हणे, तानबा म्हणे."

भर सभेत, बुवाच्या तोंडून. दोन वर्षं तिनं देवाकडे एवढंच मागितलं होतं. आता तिनं नुसता हात वर केला असता, तर त्या दोघी गप्प झाल्या असत्या.

रुख्मिणीला आनंद झाला. खराखुरा, पोटभर. तिनं सूर सोडला नाही.

त्यांचा गळा संपला. कडवं पालटलं.

त्यांनी ते स्वच्छ म्हटलं, स्वतःच्या नावासकट. परीक्षकानं पान तोंडात घातलं. पोर रडलं. मधुकरराव खाली बसले आणि बसल्या जागीच कलले.

कुणीतरी पाणी आणा म्हणालं. गाणं मात्र थांबलं नव्हतं. मधली रांग झालेलं कडवं म्हणत होती, आणि त्या आवाजांत मधुकररावांचा आवाज होता. पूर्वीसारखा गोड.

झालं, पुरे, अशी खूण करत रुख्मिणीनं हात वर केला.

मनकर्णाबाई आणि आनंदाबाई तिच्याकडेच तोंड करून उभ्या होत्या. दोघींच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, पण ओठ थांबत नव्हते. यायच्या कडव्याचा पहिला शब्द तिचं नाव होतं.

समोर, पुढच्या रांगेतले पुरुष ते उचलायला श्वास घेत होते.