पुढच्या दोन जागा

रेनकोटच्या टोपीखाली डोकं नव्हतं.

शेवटच्या थांब्यावर बस रिकामी झाली तेव्हा बाप वरच्या मजल्यावर पुढे गेला. "चल ठकी, आलं," म्हणाला आणि पिवळ्या टोपीवर हात ठेवला. टोपी दबली. आत शाळेचं दप्तर होतं. दप्तराला रेनकोट घालून गळ्यापर्यंत बटणं लावली होती.

फौजदारबाई पोचल्या तेव्हा तो माणूस एकेका बाकाखाली वाकून बघत होता. बघून झालेल्या बाकांखाली पुन्हा बघत होता. भुरभुर चालूच होती. त्याची पाठ भिजली होती आणि त्याला त्याचा पत्ता नव्हता.

जुनं शहर दाखवणारी ती बस. दुमजली, वरून उघडी. सकाळी मनगटाला कागदी पट्टा बांधून घ्यायचा, वाटेल तिथे उतरायचं, किल्ला बघायचा, जुना बाजार बघायचा आणि मागून येणाऱ्या बसमध्ये चढायचं. पाऊस आला की कंडक्टर सगळ्यांना सारखेच पिवळे रेनकोट वाटतो. वरचा मजला मग झेंडूच्या वाफ्यासारखा दिसतो. कोण कोणता ते आईलाही ओळखू येऊ नये.

"मुलगी केवढी?"

"सात वर्षांची. ठकी म्हणतो आम्ही. निळा फ्रॉक आहे."

"शेवटची कधी पाहिलीत?"

"सारखा बघत होतो, मॅडम. पिवळी टोपी समोरच दिसत होती."

"टोपीचं नाही विचारलं. मुलगी कधी पाहिलीत?"

त्याने ओल्या बाकावर हात टेकला. मग म्हणाला, "किल्ल्यापाशी. तिने वळून बघितलं होतं."

किल्ल्यानंतर जुनी वेस, मग दोन थांबे, मग नदीवरचा पूल, मग हा शेवटचा थांबा. फौजदारबाईंनी हवालदाराकडे पाहिलं. पुलाखाली बोट आधीच उतरवली होती. नदीला पाणी होतं आणि वरच्या मजल्याचा कठडा मोठ्या माणसाच्या जेमतेम कमरेएवढा होता.

"तुम्ही तिच्या शेजारी का नव्हता?"

"तिला एकटीला बसायचं होतं. मला म्हणाली, बाबा, तुम्ही मागे बसा."

"शेजारची जागा रिकामी होती?"

"हो."

"पुढची जागा, पाऊस, पोर सात वर्षांचं. आणि तुम्ही मागे?"

"हट्ट केला तिने. हल्ली मी तिला नाही म्हणत नाही."

"तिची आई कुठे आहे?"

"वारली. वर्ष होत आलं."

हे सांगताना त्याने चटकन मागे वळून पाहिलं, कुणी ऐकत तर नाही ना, तसं. फौजदारबाईंनी ते टिपलं.

त्या पुढच्या बाकापाशी गेल्या. एका जागेवर दप्तर होतं. शेजारच्या जागेवर लहान मुलीचा हातरुमाल अंथरलेला, चारी कोपरे सरळ, आणि वाऱ्याने उडू नये म्हणून त्यावर पाण्याची बाटली ठेवलेली. वाटेतल्या ठिकाणांची गोष्ट सांगणारं, कानाला लावायचं यंत्र नीट गुंडाळून बाटलीला टेकवलं होतं.

कंडक्टर खाली जिन्यापाशी उभा होता. चेहरा पडला होता, पण तोंड चालू होतं.

"मॅडम, माझी काही चूक नाही. मी चढणाऱ्याचं मनगट बघतो. उतरणाऱ्याला कोण विचारतं? उतरण्यासाठीच तर लोक येतात!"

"लहान मुलगी एकटी उतरली तर?"

"एकटी दिसली तर ना! थांब्यावर झुंबड उडते. लेकुरवाळ्या बाया, आज्या, पोरं. कोण कुणाचं, कपाळावर लिहिलेलं असतं का?"

"ती काही बोलली होती तुमच्याशी?"

"भारी चौकस हो. उतरलं तर त्याच पट्ट्यावर परत चढता येतं का? बस थांबते का? किती वेळ थांबते? मी म्हटलं, ठकूबाई, माझी नोकरी घेताय की काय!" तो हसायला गेला आणि त्याला जमलं नाही. मग आवाज उतरवून म्हणाला, "एक सांगू? त्या गृहस्थांनी पट्टे तीन घेतलेत."

"माणसं दोन होती ना?"

"तेच तर! मी विचारलं, तिसरं माणूस कुठाय? तर म्हणाले, नंतर चढेल."

फौजदारबाई मागोमाग खाली आलेल्या बापाकडे वळल्या. "तिसरा पट्टा कुणासाठी?"

"चुकून घेतला."

"कंडक्टरला तर म्हणालात, नंतर चढेल. दाखवा तो पट्टा."

त्याने खिसे उलटे केले. किल्ल्या निघाल्या, घडी मोडलेला रुमाल निघाला, एक मोठ्या बाईची केसांची पिन निघाली. पट्टा नव्हता.

"मॅडम," हवालदार कानाशी म्हणाला, "हा लपवतोय. याचा कुणीतरी साथीदार आहे. मधेच चढला आणि पोरीला घेऊन उतरला."

"बापच पळवेल स्वतःची पोर?"

"कोर्टकचेरी असेल तर पळवतात."

कोर्टकचेरी होती. ती थोड्याच वेळात रिक्षातून उतरली. बापाची सासू. पायात दोन वेगळ्या चपला, हातात पदराचा बोळा.

"मिळाली का?" एवढंच विचारून तिने सगळ्यांच्या तोंडाकडे पाहिलं. मग जावयाकडे. "वा, जावईबापू! माझी लेक तुमच्या घरी संपली. आता नातही हरवलीत. म्हणत होते मी, द्या माझ्याकडे, नाही तर वकील लावते!"

"आई, आत्ता नको."

"आत्ता नको, आत्ता नको! वर्षभर हेच ऐकतेय. सांगितलंत का तिला? की अजून पुढचा आठवडाच चाललाय?"

"आई, हात जोडतो."

"काय सांगायचं होतं?" फौजदारबाईंनी विचारलं.

"घरातली गोष्ट आहे," तो ओरडला. "माझी पोर शोधा ना, मॅडम! ती पाण्यात... तिला पोहता येत नाही हो!" आणि तो चिखलात मटकन खाली बसला. सासूने त्याच्याकडे पाहिलं. तिचा राग होता तिथेच राहिला, पण हात पुढे झाला. तिने त्याच्या डोक्यावर पदर धरला.

आजीच्या घरी पोलीस जाऊन आले. घराला कुलूप होतं, शेजारणीने किल्ली दिली, आत कुणी नव्हतं. बोटीवरूनही नाही म्हणून निरोप आला. नाही म्हणजे अजून नाही.

बसमधल्या एका प्रवासीबाईंना हवालदाराने बाजारातून शोधून आणलं. गळ्यात कॅमेरा होता.

"तुम्ही वर कुठे बसला होता?"

"यांच्या मागच्या बाकावर. पुलावर मी उभी राहून फोटो काढत होते. कुणी पडलं असतं तर मला दिसलं नसतं का? ओरडा झाला असता."

"वेशीपाशी काय झालं?"

"कमान फार खाली आहे ना. कंडक्टर ओरडला, माना खाली! सगळ्यांनी घातल्या. मग कमान गेली, सगळे हसले, माना वर केल्या." त्यांनी बापाकडे बोट दाखवलं. "हे नाही. हे तसेच बसले होते. डोकं गुडघ्यात. मला वाटलं, झोप लागली बिचाऱ्यांना. पूल आला तेव्हा कुठे सरळ झाले."

फौजदारबाईंनी बापाकडे पाहिलं. तो दुसरीकडे बघत होता.

"बस परत किल्ल्यापाशी न्या," त्या ड्रायव्हरला म्हणाल्या. "आणि तिथून रोजच्यासारखी चालवा."

सगळे वर चढले. फौजदारबाई दप्तराच्या मागच्याच बाकावर बसल्या. यंत्रात लहान मुलांसाठी वेगळी गोष्ट सांगतात, तो आवाज त्यांनी कानाला लावला. किल्ला आला. राजाची गोष्ट झाली, हत्तीची झाली. बस वेशीकडे निघाली. त्या समोरच्या हातरुमालाकडे बघत होत्या.

"हवालदार, गर्दीच्या गाडीत खिडकीतून रुमाल टाकता ना तुम्ही?"

"टाकतो की. जागा धरायला."

"एकटेच असलात तर?"

"एकटा असलो तर घुसतो आणि बसतो. बायको मागून येत असली की मग..." तो बोलता बोलता थांबला.

"माना खाली!" कंडक्टर सवयीने ओरडला.

दगडी कमान डोक्यावरून गेली. फौजदारबाईंनी मान वर केली आणि मागे पाहिलं. बापाचं डोकं गुडघ्यात होतं. त्यांच्या कानात गोड आवाजातली बाई बोलत होती, "आणि बालमित्रांनो, हा बघा मनोऱ्यावर घड्याळ असलेला दवाखाना. चारशे वर्षांचा म्हातारा! पण अजून रोज इथून माणसं बरी होऊन आपापल्या घरी जातात."

"थांबवा बस," फौजदारबाई म्हणाल्या.

बस तशीही तिथे थांबणारच होती. तो थांबाच होता.

"मान वर करा," त्या बापाला म्हणाल्या. "समोर काय आहे?"

"माहीत आहे मला."

"तुमची बायको इथेच गेली."

त्याने मान हलवली. सासूने डोळ्यांना पदर लावला.

"पोर पळवायची असती तर पळवणाऱ्याने एका जागेवर बुजगावणं ठेवलं असतं आणि निघून गेला असता," फौजदारबाई म्हणाल्या. "शेजारच्या जागेवर रुमाल कशाला अंथरला असता? दप्तर तुम्हाला फसवायला ठेवलेलंच नाही. जागा धरायला ठेवलंय. भिजू नये म्हणून पोरीने स्वतःचा रेनकोट काढून त्याला घातला, आणि स्वतः पावसात गेली. तिला दोन जागा हव्या होत्या. म्हणून तर तिने तुम्हाला मागे बसवलं. ती परत येणार होती, आणि येताना दुसरं कुणीतरी बरोबर आणणार होती. तिसरा पट्टा कुणासाठी घ्यायला लावला तिने?"

त्याने रिकामा खिसा पुन्हा चाचपला.

"आईसाठीच ना? तुम्ही तिला सांगितलंच नाही, आई गेली ते. काय सांगितलंत?"

"दवाखान्यात आहे," तो म्हणाला. "पुढच्या आठवड्यात घरी येईल. दर आठवड्याला तेच. एकदा म्हटलं, मग दुसऱ्यांदा कसं सांगू ते कळेना. आज म्हणाली, बाबा, बसचा पट्टा आईलाही घ्या. मी घेतला. वाटलं, फिरून आल्यावर आज रात्री सांगतो. नक्की सांगतो."

"बस दवाखान्यावरून जाते हे तुम्हाला माहीत होतं. तिलाही माहीत होतं. फक्त तुम्ही मान खाली घातलीत आणि तिने नाही घातली. जिना तिच्या बाकापाशीच आहे. ती काही पळून गेली नाही. तुमच्या समोरून, गर्दीबरोबर, शहाण्यासारखी उतरली. तुम्हाला ही इमारत बघवत नाही, म्हणून तुम्हाला तुमची पोर दिसली नाही. परत येईपर्यंत बस निघून गेली असेल. किंवा," त्या अडखळल्या, "आई सापडल्याशिवाय ती परत यायला तयार नसेल."

कंडक्टरने डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली.

बाप जिन्यावरून पडत-धडपडत खाली उतरला.

दवाखान्यात बाकावर बसलेलं पोर कुणाला हरवलेलं वाटत नाही. कुणाची तरी मुलगी असेल, आत कुणीतरी असेल, असंच वाटतं. दारावरच्या रखवालदाराला वाटलं, नर्सला वाटलं, शेजारी डबा धरून बसलेल्या म्हातारीलाही वाटलं. तिने ठकीच्या खांद्यावर स्वतःची शाल टाकली होती.

ठकी बाकाच्या टोकावर बसली होती. केस ओले. मुठीत बाबांच्या खिशातून काढलेला तिसरा कागदी पट्टा, घामाने मऊ झालेला.

"बाबा," ती म्हणाली, "मी सगळ्या खोल्या बघितल्या. त्या मावशी म्हणतात, अशा नावाचं इथे कुणी नाही. त्यांना नीट माहीत नाही बहुतेक. वरचा मजला राहिलाय. तिथे सोडत नाहीत." मग तिला एकदम आठवलं. "आपल्या जागा गेल्या का हो?"

"नाही," बाप म्हणाला. "जागा आहेत."

सासू पुढे व्हायला निघाली. फौजदारबाईंनी तिच्या दंडाला धरलं. "थांबा, आजी. त्यांचं काम आहे ते."

तो ठकीसमोर फरशीवर बसला. तिच्या मुठीतला पट्टा त्याने काढून घेतला नाही. मुठीसकट हात आपल्या दोन्ही हातांत धरला.

"ठकी, वरच्या मजल्यावर आई नाही."

"मग कुठल्या मजल्यावर आहे?"

या वेळी त्याने मान खाली घातली नाही.