समुद्रातले पाच ठिपके

"तुमचं कोपर होंडुरासवर आहे."

नकाशावर जवळजवळ पालथा पडलेला तो तरुण दचकून सरळ झाला. त्याने आधी कोपराकडे पाहिलं, मग नकाशाकडे आणि सगळ्यात शेवटी तिच्याकडे.

"माफ करा. तुमचं आहे का होंडुरास?"

"माझं नाही. वाचनालयाचं आहे. पण शनिवारी तीन ते पाच हा नकाशा मी पाहते. मागचे चार शनिवार पाहतेय."

"मग पाचव्या शनिवारी मी आलो," तो म्हणाला आणि टेबलाच्या दुसऱ्या बाजूला सरकला. "अर्धा तुम्ही घ्या, अर्धा मी. भांडायला नको."

नकाशा-खोलीचा नियम कडक होता. मोठे नकाशे घरी न्यायचे नाहीत, टेबलावरून हलवायचे नाहीत, त्यांच्यावर पेन्सिल टेकवायची नाही. काही उतरवून घ्यायचं असेल तर वर ट्रेसिंग पेपर ठेवायचा. मध्य अमेरिकेचा एवढा मोठा नकाशा अख्ख्या वाचनालयात एकच होता. तेव्हा दोघं समोरासमोर बसले. तिला नकाशा सुलटा, त्याला उलटा.

"तुम्हाला उलटं वाचता येतं?" दहा मिनिटांनी न राहवून तिने विचारलं.

"तेच तर माझं काम आहे. छापखान्यात ठसे कोरतो. लाकडावर अक्षर उलटं कोरलं तरच कागदावर सुलटं येतं." त्याने हात पुढे केला. नखांच्या कडांना काळी शाई बसली होती, धुऊनही न गेलेली. "आणि तुम्ही?"

"भूकंपमापन केंद्रात आहे. जमीन कुठे, किती आणि केव्हा हलली ते मोजते."

"म्हणजे कुणी टेबल हलवलं तर तुम्हाला लगेच कळतं."

"कळतं. तुम्ही मघापासून पाय हलवताय."

पाय थांबला. खोलीच्या कोपऱ्यातल्या ग्रंथपालबाईंनी चष्म्यावरून पाहिलं. "कुजबुजायला परवानगी आहे," त्या म्हणाल्या, "हसायला नाही."

तो ठसेकार निघाला होता पडक्या नगरांच्या शोधात. तिकाल, किरिग्वा, कोपान... कोपानला एक दगडी जिना आहे, त्याच्या पायऱ्यांवर दोन हजारांहून जास्त चिन्हं कोरलेली आहेत, हे सांगताना त्याचं बोट हवेतच पायऱ्या चढत गेलं. "हजार-बाराशे वर्षांपूर्वी कुणीतरी माझंच काम करत होतं हो! फक्त लाकडाऐवजी दगडात. चुकलं तर खोडायची सोय नाही."

ती निघाली होती ज्वालामुखींकडे. तिच्या वहीत सतरा दिवस, सात डोंगर आणि तासांचे रकाने होते. ठसेकाराने वही उलट्या बाजूनेच वाचली.

"'सहा चाळीस ते सात पाच, सूर्योदय.' पंचवीस मिनिटांत आटपला नाही तर?"

"आटपतो. मी हिशेब केलाय."

"सूर्याला कळवलंय?"

यावर ती हसली, आणि ग्रंथपालबाईंनी टेबलावर पट्टी आपटली.

त्यानंतरचे शनिवार आले कधी आणि गेले कधी, ते तिच्या वहीलाही सांगता आलं नसतं. तिने त्याला समजावलं की फुएगो नावाचा डोंगर दिवसातून कितीतरी वेळा धूर आणि राख उडवतो आणि शेजारच्या अकातेनांगोवर चढून तो समोरासमोर पाहता येतो. त्याने तिला समजावलं की कोरीव काम सकाळी किंवा संध्याकाळी पाहावं, तिरप्या उन्हात, म्हणजे अक्षरांना सावल्या पडतात. ती नदी मोजायची, तो नदीचं वळण पाहायचा. कधी दोघांच्या पेन्सिली एकाच गावावर येऊन थांबायच्या... मग दोघंही "तुम्ही आधी" म्हणायचे आणि कुणीच पुढे व्हायचं नाही.

तिसऱ्या शनिवारी त्याने सहज विचारलं, "सोबत कोण आहे?"

"कुणी नाही," ती म्हणाली. जरा जोरातच म्हणाली. "मी एकटी चाललेय. दोन वर्षं भांडलेय त्यासाठी. आई म्हणायची मावशीच्या मुलीला घेऊन जा. दादा म्हणायचा मी येतो, नाहीतर माझा मित्र येईल. दर वेळी कुणीतरी सोबत, कुणीतरी सांभाळायला! मला एकदा तरी एकटीने चुकायचंय, एकटीने रस्ता शोधायचाय. शेवटी आई 'बरं' म्हणाली. ते 'बरं' मिळवायला मला दोन वर्षं लागली."

ठसेकार पेन्सिलीला टोक करत राहिला. टोक केव्हाच झालं होतं.

तिला मात्र घरी जाताना आपल्याच आवाजाचं आश्चर्य वाटलं. एवढं ठणकावून तिने कुणाला सांगितलं होतं? त्याला... की स्वतःला? कारण गेले काही दिवस वहीतल्या रिकाम्या रकान्यांमध्ये एक शाईच्या नखांचा हात दिसायला लागला होता, आणि तो तिथे असावा असं तिला वाटत होतं, आणि तसं वाटणं म्हणजे दोन वर्षांचं भांडण स्वतःच्या हाताने हरणं होतं.

पुढच्या शनिवारी त्याने एक गुंडाळी तिच्यासमोर ठेवली. ट्रेसिंग पेपर होता. वरच्या दोन कोपऱ्यांत दोन फुल्या, आणि मध्ये कुठेतरी शाईचे पाच ठिपके. ना किनारा, ना नावं, ना रेघ.

"हा माझा रस्ता," तो म्हणाला. आज तो तिच्याकडे न बघता ग्रंथपालबाईंच्या पट्टीकडे बघत होता. "तुमच्या कागदावरही अशाच फुल्या आहेत, नकाशाचे कोपरे दाखवणाऱ्या. घरी जाऊन फुलीवर फुली ठेवा. मी तुमच्यासोबत येतो असं म्हणणार नाही. तुमचं 'बरं' मला मोडायचं नाही. पण... आपले रस्ते जिथे जुळतील, तिथे मी एक अख्खा दिवस बसून राहीन. वाटलं तर या. नाही वाटलं तर तुम्ही तुमच्या डोंगरावर, मी माझ्या जिन्यावर."

"आणि कुठेच जुळले नाहीत तर?"

"तर नकाशानेच नाही म्हटलं असं समजू."

तिने तो कागद घरी नेईपर्यंत चार वेळा उघडून पाहिला. खोलीचं दार लावून तिने स्वतःचा कागद पसरला, वर त्याचा ठेवला, फुलीवर फुली नीट बसवली आणि श्वास रोखून खाली पाहिलं.

तिचे ठिपके डावीकडे, एका तिरक्या रांगेत. त्याचे ठिपके पार उजवीकडे. मध्ये वीतभर कोरा कागद.

एकही जुळत नव्हता. जवळपाससुद्धा येत नव्हता.

तिने फुल्या पुन्हा एकदा तपासल्या. मग तिला वाटलं, त्याला हे माहीतच असणार. किती सभ्यपणे नाही म्हणतात काही लोक! ज्वालामुखीचं इतकं ऐकून घेतलं, सूर्योदयावरून चिडवलं, आणि रस्ता मुद्दाम लांबून काढला.

"मिनिटकाटा आज बंद का पडलाय?" जेवताना दादाने विचारलं. घरात तिचं नाव हेच होतं.

"काही नाही."

"ही 'काही नाही' म्हणाली की काहीतरी मोठं असतं," आई म्हणाली. "जायचं रद्द करतेयस का?"

"अजिबात नाही!" ती म्हणाली. "एकटी जाणार आहे. ठरल्याप्रमाणे."

पुढच्या शनिवारी ती वाचनालयात गेली नाही. त्याच्या पुढच्याही नाही.

सोमवारी केंद्रात फारसं काम नव्हतं. भूकंपमापकाची सुई शहाण्या मुलासारखी सरळ रेघ ओढत होती. तिने कारण नसताना पिशवीतून तो कागद काढला. फेकून द्यावा म्हणून काढला असं तिने स्वतःला सांगितलं, पण फेकण्याआधी एकदा पट्टी लावली. सवय! कुठलाही नकाशा उतरवताना कोपऱ्यांचे अक्षांश-रेखांश वहीत लिहून ठेवण्याचीही तिला सवयच होती. फुल्या माहीत, अंतर माहीत. भूकंपाचं केंद्र काढावं तसे तिने पाचही ठिपक्यांचे आकडे काढले आणि एकाखाली एक लिहिले.

मागून शेजारच्या टेबलावरच्या ताई चहा घेऊन आल्या. या केंद्रात त्यांची वीस वर्षं गेली होती. आकडे बघताच त्यांना जागा दिसायची.

"अगंबाई, कॅरिबियन समुद्रात पाच धक्के? केव्हा?"

"समुद्रात?"

"मग काय! पाचही समुद्रात. एकही जमिनीवर नाही."

तिने भिंतीवरच्या जगाच्या नकाशाकडे पाहिलं. बोट ठेवलं. निळं. दुसरा ठिपका, निळं. तिसरा, चौथा, पाचवा... सगळीकडे नुसतं पाणी.

पडकी नगरं पाहायला निघालेला माणूस भर समुद्रात कशाला जाईल?

आणि मग एकदम तिला ते काळ्या नखांचे हात दिसले. दिवसभर उलटं कोरणारे. जे सुलटं हवं ते न विचारता उलटं करून ठेवणारे. शनिवारी पेन्सिलीने उतरवलेले ठिपके त्याने रात्री शाईने पक्के केले असणार, आणि हाताच्या सवयीने कागद पालथा करून, मागच्या बाजूने! वरची पेन्सिलीची खूण खोडून टाकली की दोन फुल्या दोन्ही बाजूंनी सारख्याच. कुणाला कळणार?

तिने कागद उलटा केला. स्वतःच्या कागदावर ठेवला.

पाचातला एक ठिपका थेट तिच्या ठिपक्यावर जाऊन बसला. इतका चपखल, की एकच आहे असं वाटावं.

अँटिग्वा. दगडी रस्त्यांचं, रंगीत भिंतींचं जुनं शहर, जिथे अडीचशे वर्षांपूर्वीच्या भूकंपांनी पाडलेली चर्चं अजून तशीच उभी आहेत. भूकंप तिचा, पडझड त्याची.

"ताई," ती म्हणाली, "मला आज अर्ध्या दिवसाची रजा हवी."

"समुद्रातल्या धक्क्यांचं काय?"

"ते जमिनीवर आले!"

छापखाना एका अरुंद गल्लीत होता. आत शाईचा आणि रॉकेलचा वास, तारेवर वाळत घातलेले कागद, आणि दाराशी हिशोबी चेहऱ्याचे मालक, ज्यांना सगळे काका म्हणत.

"ठसेकार आहेत का?"

काकांनी तिला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "भूकंप तुम्हीच का? बरं झालं आलात. दोन आठवडे झाले, कारखाना हललाय नुसता. परवा एका औषधाच्या दुकानाचं नाव यानं चक्क सुलटं कोरलं! छापल्यावर वाचायला गिऱ्हाइकाला आरसा शोधावा लागला."

आत खिडकीजवळ तो खाली मान घालून बसला होता. तिला पाहताच उठला, आणि उठताना छिन्नी पडली.

"तुम्ही... मला वाटलं, नकाशानं नाही म्हटलं."

"तुम्ही बुडालात," ती म्हणाली.

"काय?"

"पाचही ठिपके समुद्रात. तिकाल पाण्यात, कोपान पाण्यात, जिना पाण्यात." तिने कागद त्याच्यासमोर धरला आणि खिडकीच्या उजेडात अलगद फिरवला. "शाई मागून लावलीत तुम्ही."

त्याने कागद पाहिला. तिच्याकडे पाहिलं. मग कपाळावर हात मारला, आणि कपाळावर चार काळी बोटं उमटली. ती इतकी हसली की काकांना दारातून डोकावावं लागलं.

"दोन आठवडे मी..." तो म्हणाला.

"मी पण."

बाहेर हलका पाऊस सुरू झाला होता. तारेवरचे कागद थरथरत होते.

"एक मात्र सांगते," ती म्हणाली. आता आवाज ठणकावणारा नव्हता, पण पक्का होता. "मी एकटीच जाणार. डोंगर एकटीने चढणार. त्यात बदल नाही."

"मी बदल मागितलाच नाही. मी एक दिवस मागितला."

"सहाव्या दिवशी मी अकातेनांगोवरून खाली येते. अँटिग्वात, रस्त्यावरच्या पिवळ्या कमानीपाशी, दुपारी बारा... ते एक."

"तासभराची सूट?" त्याचे डोळे मोठे झाले. "तुमच्या वहीत?"

"फक्त तुला," ती म्हणाली, आणि तोंडातून काय निघालं ते कळल्यावर तिच्या कानांपर्यंत ऊन चढलं.

त्याने तो शब्द ऐकला होता. "मी सकाळपासून बसतो," तो म्हणाला. "तू केव्हाही ये."

घरी तिने आईला सगळं सांगितलं, काही न लपवता. आई भाजी निवडत होती, ती निवडतच राहिली.

"म्हणजे एकटीच जाणार?"

"एकटीच."

"आणि सहाव्या दिवशी तो?"

"सहाव्या दिवशी तो. एक दिवस."

"बरं," आई म्हणाली. या वेळी दोन वर्षं लागली नाहीत. "पण त्या दिवशी संध्याकाळचा फोन विसरू नकोस. माझ्यासाठी म्हणून नाही गं. दादा घर डोक्यावर घेईल."

सहाव्या दिवशी ती पिवळ्या कमानीपाशी पोचली तेव्हा दोन वाजून गेले होते. गुडघ्यांना राख, केसांत राख, एका बुटाची नाडी तुटलेली. बस चुकली होती, मग दुसरी चुकली होती, मग एका भलत्याच गावात उतरून तिने खाणाखुणांनी रस्ता विचारला होता, आणि यातलं काहीही वहीत नव्हतं.

तो कमानीखालच्या पायरीवर बसला होता. मांडीवर रेखाटन, बाजूला दोन रिकामे कप. तिला पाहून उठला नाही, फक्त सरकून जागा केली.

ती बसली आणि बोलायला लागली. डोंगरावर नियमाने घ्यावा लागलेल्या वाटाड्याबद्दल, त्याच्या गटातल्या सहा अनोळखी सोबत्यांबद्दल, पाय घसरून मागे नेणाऱ्या काळ्या वाळूबद्दल, थंडीबद्दल. मध्येच तिला श्वास पुरेना, तरी ती थांबली नाही. हे सगळं तिने एकटीने केलं होतं, आणि हे सगळं तिला याच माणसाला सांगायचं होतं. दोन्ही गोष्टी एकमेकींच्या आड येत नव्हत्या, हे तिला बोलता बोलताच कळत होतं. शहराच्या मागे दूरवर डोंगराने धुराचा एक गोळा सोडला, कुणाचं लक्षही गेलं नाही.

मग ती एकदम थांबली. "मी फार बोलले ना? तास झाला असेल."

त्याने तिचा राखेने माखलेला हात स्वतःच्या शाईच्या हातात घेतला.

"तू अजून अर्ध्या डोंगरावरच आहेस," तो म्हणाला. "पुढे?"