थोडाच राहिला

"बसा जवळ. आणि ते मोबाइल पालथे घाला जरा," वसतिगृहाचे म्हातारे पहारेकरी म्हणाले. पायरीवर तिघं होती. त्यातल्या एकीने दुपारीच बिनघड्याळाच्या खोलीत राहायला नाव दिलं होतं, आणि ते त्यांच्या कानावर आलं होतं.

"काका, घाबरवणार असाल तर आधीच सांगा."

"मी कशाला घाबरवू? झालं तेवढं सांगतो. ज्याच्यावर गुदरलं तो वाढपी माझ्या पंगतीला बसून जेवलेला माणूस. थापा मारायच्या तर त्याला धड हसू दाबता यायचं नाही. हे सांगताना तो हसला नव्हता."

आपल्या या विद्यापीठात काळाशिवाय दुसरं काही शिकवत नाहीत, हे तुम्हाला मी काय सांगणार? वाढप्याचं काम एवढंच. तळघरातल्या खोलीत जो साठ दिवस राहायला जाईल, त्याला ताट पोचवायचं. आत खिडकी नाही, घड्याळ नाही. आतल्याला भूक लागली की तो बटण दाबतो, स्वयंपाकघरात दिवा लागतो. मग बाहेर पहाटेचे चार का असेनात, त्याच्या लेखी दुपार. दाराला जमिनीलगत वीतभर उंचीची झडप. तिथून ताट आत सरकवायचं. वेळेचा सुगावा लागेल असं बोलायचं नाही. जांभईसुद्धा गिळायची. आणि आतल्याने "अजून किती?" विचारलं, तर पहिला दिवस असो की एकोणसाठावा, ठरलेलं एकच उत्तर. थोडाच राहिला.

त्या साली आत होता वाढप्याचा सख्खा धाकटा भाऊ. माणसाला आतून वेळ कळते कशी, या एका प्रश्नाने पोराला झपाटलेलं. जाण्याआधी त्याने दादाकडून वचन घेतलं, वर कागदावर लिहूनही दिलं : घरात कुणी आजारी पडो, मरो, साठ दिवस मला कळवू नका. मधेच कळलं की सगळी मेहनत पाण्यात.

झडपेतून त्याला दिसायचे फक्त दादाचे पाय. "दादा, तुझा अंगठा मोज्यातून मला सलाम ठोकतोय," म्हणायचा. "वहिनीला म्हणावं, सुईदोरा महाग झालाय का?"

अठ्ठावन्नावा दिवस. सोमवार, अठरा नोव्हेंबर. आई पंधरा दिवसांपासून अंथरुणाला खिळलेली. संध्याकाळी डॉक्टर म्हणाले, रात्र निघेल असं वाटत नाही. आईचं एकच चाललेलं, "धाकटा आला का?" बायकोला तिच्यापाशी बसवून वाढपी अकराला घरून निघाला. भावाला घेऊनच यायचं, असं ठरवून. नेहमीसारखा फोन फाटकावर जमा केला आणि थेट खोलीचा प्रयोग चालवणाऱ्या विभागाच्या बाईंकडे गेला. बाई वयाने तरुण, कामाने वेड्या. मनाने वाईट नव्हेत.

"बाई, किल्ली द्या. आई चाललीय."

बाईंचा चेहरा उतरला. त्यांनी तो कागद पुढे ठेवला. "हे त्याचं अक्षर. तो स्वतः 'उघडा' म्हणाला, तर या क्षणी उघडते. त्याला सांगायचं की नाही, ते तुम्ही ठरवा. मी अडवणार नाही. पण... दोनच दिवस उरलेत हो."

अडवलं असतं तर बरं झालं असतं. भांडता तरी आलं असतं. वाढपी स्वयंपाकघरात जाऊन बसला. वचन मोडावं, तर भाऊ जन्मभर बोल लावणार. पाळावं, तर आई... उठायचा, दारापर्यंत जायचा, परत यायचा. तीन तास असेच गेले.

दोन वाजून चाळीस मिनिटांनी दिवा लागला.

आता सांगायचंच. ताट घेऊन तो तळघरात उतरला. पावलांचा आवाज आत जाऊ नये म्हणून तिथल्या बोळात जाड गालिचा आहे. तो दारापाशी बसला. झडप वर केली.

"आलास? आज भाजीत मीठ आहे ना?"

वाढप्याने तोंड उघडलं. ताट हातातच राहिलं.

"दादा? आई बरी आहे ना?"

हे तो रोज विचारायचा. रोजचं उत्तर जिभेवरच बसलेलं.

"बरी आहे."



"मग खाली कशाला आणलीस तिला?"

"कुणाला?"

"आईला. तुझ्या मागे उभी आहे ना? पाय दिसतायत मला."

वाढप्याने मागे पाहिलं.

बोळ रिकामा. टोकाला दिवा. बाकी काही नाही.

"अनवाणी आहे रे ती... फरशीवरून आणलीस का? पाय निळे पडलेत."

वाढप्याने हात मागे फिरवून चाचपलं. नुसता गालिचा.

"दादा, ती विचारतेय."

"काय...?"

"अजून किती वेळ?"

इथे घात झाला, पोरांनो. डोकं सुन्न होतं. पण अठ्ठावन्न दिवस घोटलेली जीभ. ती आपली कामावर हजर.

"थोडाच राहिला," तो बोलून गेला.

 

मग धाकटा हळूच म्हणाला, "म्हणते, मग थांबते."

वाढप्याने दारावर डोकं आपटलं. सगळं ओरडून सांगितलं. बाई किल्ली घेऊन धावत आल्या. धाकटा बाहेर पडला तो बोळात भिंतीला घासत, कुणाला तरी वळसा घालून. फाटकावरच्या फोनवर घरचे सहा कॉल होते. पहिला, दोन सदतीसचा.

त्यानंतर धाकटा दादाशी एक शब्द बोलला नाही. पंधरवड्यात गाव सोडून गेला. वाढपी मात्र रोज रात्री खाली उतरायचा. "आई, संपली वेळ. तो बाहेर आलाय. जा तू आता." ती ऐकते की नाही, हे सांगू शकणारा एकच, आणि तो काही फिरकला नाही. गेल्या साली वाढपीही गेला. शेवटपर्यंत तेच पुटपुटत.

पायरीवरची तिघं एकमेकांना खेटून बसली होती. मग नाव दिलेली मुलगी म्हणाली, "काका... आता काही नाही ना तिथे?"

"गालिचा दर उन्हाळ्यात नवा टाकतात. यंदा मीच अंथरला. महिनाभरात झडपेसमोर दोन पावलांचे खड्डे पडले. बोटं दाराकडे." त्यांनी पाय जवळ ओढून घेतले. "आधी सगळीकडून सारखे असायचे. आता टाचांकडे जास्त खोल असतात. उभं राहून राहून पाय भरून आले, की माणूस टाचांवर भार देतो ना... तसे."