मानीव दिनांक

१. मी, यशोधरा बबन रोकडे, वय ५७, राहणार अंबरनाथ पूर्व, प्रतिज्ञेवर लिहून देते की, पाणीपुरवठा खात्याविरुद्धची बढतीची केस मी जिंकले आहे.

२. माझ्यानंतर नोकरीला लागलेले अभिजीत मला डावलून पंपगृहाचे प्रमुख झाले होते. सहा वर्षं तारखा पडल्या. निकाल असा: मला १ जुलै २०१९ या मानीव दिनांकापासून बढती. म्हणजे त्या दिवसापासून त्या पदावर मीच होते, असं धरायचं. कागदावर.

३. ऑफिसात पेढे वाटले. शिपाई बनूबाईने घेतला नाही. तिचा नवरा हरिचंद्र ९ ऑगस्ट २०१९ला, नदी फुगलेली असताना, मांजर्लीपलीकडच्या आमच्या पंपगृहाच्या विहिरीत जाळी साफ करायला उतरला. वर आला नाही. त्याच्या जागी ती अनुकंपावर लागली. त्याला उतरवणारे अभिजीत होते, हे सगळ्या खात्याला माहीत होतं.

"घे ना गं."

"तुमच्या हातचा नको, मॅडम."

आदल्या दिवसापर्यंत ती मला ताई म्हणायची.

४. मी पंपगृहाचं त्या दिवसाचं लॉगबुक काढलं. पान ओलीने फुगलेलं. '११.४०. जाळी साफ करण्यास हरिचंद्र यांस खाली पाठविले.' खाली माझी सही. जुनी, लांब शेपटीची. २०२१ला मनगट मोडल्यापासून ती मला जमतच नाही.

५. त्या दिवशी मी उल्हासनगरला होते. कॅम्प एकची तक्रार खिडकी. पाणी नाही म्हणून सिंधी बायका रिकामे हंडे घेऊन आल्या होत्या. लॉगबुक मिटलं आणि अभिजीतना फोन लावला.

"काय मॅडम, खेचताय का माझी? मी पंपगृहावर कधी होतो? मी कॅम्प एकला, खिडकीवर. त्या दिवशी तर बायकांनी हंडे आपटून आपटून डोक्याची पार वाट लावली."

आवाज मोकळा होता. सहा वर्षांत तो इतका मोकळा कधी ऐकला नव्हता.

६. माझ्या वकील नीलिमाताई म्हणाल्या, "आदेश रद्द करून मागू या. पण मेमध्ये रिटायर होताय. बढती गेली की वाढीव पेन्शनही गेलं. बघा."

मी म्हटलं, विचार करून सांगते.

पंधरा दिवस झाले. सांगितलेलं नाही.

७. म्हणून हे लिहिते आहे. दोन्ही राहावं म्हणून. बढतीही, आणि मी तिथे नव्हते हेही. मी खिडकीवर होते. बायका होत्या. हंडे होते.

८. हंडे पितळेचे की प्लास्टिकचे, आठवत नाही.

९. बायकांचे चेहरे आठवत नाहीत.

१०. जाळीत एक निळी चप्पल अडकली होती.

११. हरिचंद्रने तंबाखू थुंकली. चूळ भरली. शर्ट काढून कठड्यावर ठेवला.

१२. "उतरू का, मॅडम?"

१३. मी घड्याळात पाहिलं. अकरा चाळीसला एक मिनिट कमी होतं.