प्रतिवादी क्रमांक दोन

मैलापूरच्या सभागृहात कीर्तन रंगात आलं होतं. हेमावतीबाईंनी विठ्ठलाला अशी हाक मारली की डोळे भरावेत... आणि मी मात्र धुसफुसत होते. शेजारच्या झांजवाल्या तरुणानं हळूच पंखा माझ्याकडे वळवला.

"देवाचं नाव चाललंय, आणि तुम्ही मुठी आवळून?"

"पुढच्या सोमवारी कोर्टात तारीख आहे," मी कुजबुजले. "आईचे इथं उपचार चालू आहेत. गुवाहाटीच्या बदलीला स्थगिती आणली, तरी ऑफिसनं मला कार्यमुक्त केलं! मग घातला कोर्टाच्या अवमानाचा दावा. त्या प्रतिवादी क्रमांक दोनला, टी. एस. रावला तुरुंगात धाडल्याशिवाय—"

झांज थांबली.

"टी म्हणजे तुळजाजी, माझे अप्पा," तो इकडच्या जुन्या वळणाच्या मराठीत म्हणाला. "एस म्हणजे श्रीवत्स. म्हणजे... मीच."

पांडुरंगा! या तमिळ गावात माणसं आद्याक्षरांमागं दडून बसतात, ती अशी.

"मग तुम्ही ऊर्मी जोगळेकर! मज पदभार घेऊन बाराच दिवस झाले हो. तो आदेश आधीच्या साहेबांचा; त्यांच्या जागी दाव्यात माझं नाव आलं."

"मग रद्द करा!"

"फाइल विधी शाखेत आहे."

"ती कधी नसते?"

तो हसला. संतापलेल्या बाईसमोर इतकं गोड हसणं— हा अवमान नाही तर काय!

दुसऱ्या दिवसापासून मी आवडी या उपनगरातल्या आमच्या ऑफिसात खेटे घालू लागले. तो रोज कापी, म्हणजे इथली कॉफी, पाजायचा आणि रोज नवं कारण द्यायचा.

"आज काय?"

"विधी शाखेनं उत्तराच्या मसुद्यात 'स्थगिती' खोडून 'कथित स्थगिती' केलंय."

"तुमची कापीही कथितच आहे. साखर कुठंय?"

त्यानं साखर घातली, स्वतः ढवळली. माझा राग विरघळू नये म्हणून मी खिडकीबाहेर पाहत राहिले.

रविवारी त्याचा फोन आला. आवाज पडलेला. "मुख्यालयाचा तोंडी निरोप आहे, स्थगितीची प्रत उशिरा मिळाली म्हणून सांगा."

"आणि तुम्ही सांगणार?"

त्यानं फोन ठेवला.

सोमवारी कोर्टात तो उभा राहिला. कपाळावर बुक्का, हातात कागद. "प्रत सकाळीच मिळाली होती. कार्यमुक्तीचा आदेश दुपारी निघाला. चूक आमची. बिनशर्त माफी मागतो. बाईंना परत रुजू करून घेण्याचा आदेश मी आज सही करून आणलाय."

दावा निकाली निघाला. मी आवडीत रुजू झाले. आणि आठव्या दिवशी त्याचीच बदली निघाली— गुवाहाटी!

मी तरातरा त्याच्या टेबलाशी गेले. "कोर्टात जा!"

"कशावर जाऊ? नियमात बसते की."

"पती-पत्नीला एका गावी ठेवायचा नियमही आहे!"

बोलून गेले आणि कान तापले. त्यानं खण उघडला. आत चार चुरगळलेले कागद.

"मज ठाऊक आहे तो नियम. पण तुम्हांस कसं विचारावं... चार मसुदे केले."

"विधी शाखेला दाखवले नाहीत ना?"

"अय्यो, नाही!"

"मग तोंडी विचारा. आत्ता."

तो उठून उभा राहिला, जसा कोर्टात राहिला होता. "मजशी लग्न कराल काय हो?"

"हो! आणि बदली थांबवायचा अर्ज आजच लिहा. चार वाजता टपाल बंद होतं."