दुसरी बांधी

आमच्या खुर्चीत बसणाऱ्या बायकांची एक तक्रार ठरलेली असते. "मॅडम, एकदा काढले का केस दुपटीनं येतात जी." दोरा दातात धरलेला असला तरी मी तो सोडते आणि आधी हे म्हणणं खोडून काढते. ते मला जमतं. मी भंडाऱ्याच्या कॉलेजातून प्राणिशास्त्र घेऊन बी.एस्सी. झाले, तेही फर्स्ट क्लासमध्ये. जवाहरनगरच्या दारूगोळा फॅक्टरीच्या गेटबाहेरच्या ओळीत माझं 'निखार' पार्लर आहे, आणि केसाच्या मुळाचा तक्ता भिंतीवर लावणारी पार्लरवाली या जिल्ह्यात दुसरी नसेल. गोंदिया वेगळं होऊन जिल्हा लहान झाल्यावर तर नाहीच, पण आधीच्या मोठ्या जिल्ह्यातही नसावी.

मी त्यांना सांगते, बाई गं, प्रत्येक केसाचं स्वतःचं वेळापत्रक असतं. काही वाढत असतात, काही थांबलेले असतात, काही गळायला टेकलेले असतात. आज आपण वर आलेले काढले. कातडीखाली जे होते ते आठ दिवसांत वर येतात आणि तुला वाटतं तेच परत आले. ब्लेडचं तर आणखी सोपं. केसाचं टोक निमुळतं असतं, ब्लेड ते मधेच छाटतं, मग उरलेला खुंट बोटाला टोचतो. केस ना जाड झाला, ना त्याचा वेग वाढला. बायका माना डोलावतात आणि पुढच्या वेळी तीच तक्रार घेऊन येतात. पण सांगण्यात मी कधी कंटाळा केला नाही. माझ्या आजोबांनी छप्पन साली दीक्षा घेतली त्या दिवशी आमच्या घरातून गंडेदोरे गेले ते गेलेच. बाबा याच फॅक्टरीतून रिटायर झालेत. रात्रीच्या जेवणाला 'कशावरून?' हा त्यांचा आवडता प्रश्न असे. मी त्यांची मुलगी आहे, आणि ते मी मिरवते.

पंचफुलाबाई माझ्याकडे झाडलोटीला आली ती दिवाळीनंतर. मूळची करडी गावची. धानाची रोपं, म्हणजे पऱ्हे, एका तुकड्यात दाट पेरतात आणि हातभर झाली की उपटून दुसऱ्या बांधीत, पाणी धरलेल्या खाचरात, ओळीनं रोवतात; त्या रोवणीत ही बाई चाळीस वर्षं पहिल्या नंबरची. तिचा हात लागावा म्हणून लोक आठ दिवस खोळंबून राहत, असं तिच्या गावचे सांगतात. मग गुडघे गेले. चिखलात उभं राहणं संपलं आणि ती गेटजवळच्या वस्तीत लेकीकडे राहायला आली. साठीची, बारीक, पांढऱ्या केसांचा सुपारीएवढा अंबाडा. बोलणं जेमतेम.

एकदा गर्दीत मी तिच्या हाती चिमटा दिला आणि एका बाईच्या हनुवटीवरचे दोन केस काढायला सांगितलं. त्या बाईला कळलंसुद्धा नाही. दोन्ही केस मुळाच्या पांढऱ्या गाठीसकट सबंध निघाले होते. वर्ष-वर्ष कोर्स केलेल्या मुलींच्या हातून चारातला एक तुटतो. हिच्या हातून शंभरात एक तुटेना. महिन्याभरात बायका 'मावशी आहे का?' विचारत येऊ लागल्या. मला तिचा फार अभिमान वाटे. येणाऱ्याजाणाऱ्याला मी सांगे, हिला मी शोधलं.

फेब्रुवारीपासून त्याच बायका लवकर परत यायला लागल्या. कुणी सहाव्या दिवशी, कुणी चौथ्या. मी तक्ता दाखवला, वेळापत्रक समजावलं. क्वार्टरमधल्या उषाबाई तिसऱ्या दिवशी आल्या तेव्हा मी जरा मोठ्यानं समजावलं, इतकंच.

एप्रिलच्या शेवटी करडीहून निर्मलाबाई तिच्या लेकीला, टीनाला, घेऊन आली. टीना बावीस वर्षांची, गोरी, बोलकी असावी पण ओढणी हनुवटीवरून खाली घेत नव्हती. ती मी घ्यायला लावली. हनुवटीवर आणि जबड्याखाली काळे, राठ केस होते. ती भावाच्या ब्लेडनं रोज काढत होती, त्यामुळे कातडी सोललेली. डॉक्टरांच्या गोळ्या सुरू होत्या, पण त्यांना गुण यायला सहा महिने लागणार होते. लग्न होतं दहा दिवसांवर.

"मागचं जमलेलं मोडलं न जी," निर्मलाबाई म्हणाली. "पोराच्या आत्यानं लाडानं हिची हनुवटी धरली आन् हात असा मागं घेतला. घरी जाऊन सांगतलन का पोरगी खरबरीत हाय. आता हे गोंदियाकडचं ठिकाण आलं. तिथंबी आत्याच हाय."

टीना आरशाकडे न पाहता म्हणाली, "मॅडम, यावेळेस मोडलं तं मी कोणाले तोंड नाही दाखवत. घरातच राहीन."

तिचं ते बोलणं माझ्या काळजाला लागलं. मी तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि चार बायकांसमोर म्हणाले, "लग्नाच्या दिवशी तुझ्या हनुवटीवर एक केस दिसला, तर हे पार्लर मी बंद करीन." असं मी कधी बोलत नाही. बोलले.

चार दिवस मी कातडीला विश्रांती दिली, कोरफड लावली. पाचव्या दिवशी पंचफुलाबाईनं सगळे केस उपटले. हनुवटी गुळगुळीत झाली. टीना आरशात पाहून हसली आणि ओढणी खांद्यावर टाकूनच बसमध्ये चढली.

आठव्या दिवशी सकाळी दहाला ती परत आली. ओढणी पुन्हा तोंडावर.

मी भिंगाचा दिवा ओढून घेतला. केस परत आले होते, तांदळाच्या दाण्याएवढे. माझी वाक्यं तयार होती, कातडीखालचे वर आले वगैरे. पण दिव्याखाली मी पाहत राहिले आणि दिवा आणखी जवळ ओढला.

केस ओळीत होते.

एका कानाखालून दुसऱ्या कानापर्यंत पाच ओळी. दोन केसांत सारखं अंतर, दोन ओळींत सारखं अंतर. पहिल्या दिवशी मी ही हनुवटी याच दिव्याखाली पाहिली होती. तेव्हा केस इकडे दाट, तिकडे विरळ, कुणाच्याही असतात तसे होते. केसाचं छिद्र जन्माआधी ठरतं. ते सरकत नाही. सरकायला त्याला जागाच नसते.

मी पंचफुलाबाईकडे वळले. ती कोपऱ्यात टॉवेलांच्या घड्या घालत होती. एका शब्दानं मी तिला वस्तीतून उठवू शकले असते. एकट्यादुकट्या म्हाताऱ्या बाईला आपल्याकडे लोक काय ठरवतात आणि मग काय करतात, हे मला ठाऊक आहे. तो शब्द मी तोंडातच काय, मनातही येऊ दिला नाही. बाबांनी विचारला असता तसा साधा प्रश्न मी विचारला.

"मावशी, तुम्ही केस काढता म्हणजे नेमकं काय करता?"

"उपटतो न, म्याडम."

"आणि मग?"

तिला प्रश्न कळेना. हातातला टॉवेल तिनं दोनदा उलगडला, दोनदा घडी केला. "मुळासकट उपटलेलं फेकाचं असते का जी? मनच नाही होत. बोटं आपली लावून टाकतेत. माह्या ध्यानातबी नाही राहत."

"लावून टाकतात? कुठं?"

"जिथून काहाडलं तिथंच. दुसरी बांधी कोठी हाय?"

टीना खुर्चीत रडायला लागली. लग्न परवा दुपारचं होतं. मी स्वतः केस काढायला बसले. दोरा घेतला, चिमटा घेतला. एकही केस निघेना. कातडी ताणली जाई, टीना कळवळे, आणि केस तुटून खुंट उरे. पंधरा वर्षांच्या कामात माझा हात असा कधी हरला नव्हता. चार खुंट झाले तेव्हा पंचफुलाबाई मागे येऊन उभी राहिली.

"तोडू नका जी," ती म्हणाली. तिच्या आवाजात विनवणी होती. "पाप लागते."

मला राग आला. तिचा नाही. दिव्याचा, त्या ओळींचा, माझ्या तक्त्याचा. आणि रागात मला एकदम सुचलं, आणि सुचलं म्हणून बरं वाटलं. माणसाच्या अंगावर अशी एक जागा आहे जिथं केसाचं छिद्रच नसतं. बी.एस्सी.च्या पहिल्या वर्षाच्या मुलालासुद्धा माहीत असतं.

मी डावा तळहात तिच्यापुढे धरला.

"ही घ्या दुसरी बांधी. इथं लावा सगळे."

पंचफुलाबाईनं माझा हात दोन्ही हातांत घेतला. अंगठ्यानं तळवा चाचपला, जमीन ओली आहे का पाहतात तसा. मग माझ्या तोंडाकडे पाहिलं. "देता का खरंच?"

"दिली म्हटलं ना."

पाऊण तास ती वाकलेली होती. उजव्या हातातल्या चिमट्यानं टीनाच्या हनुवटीवरचा केस काढायचा, माझ्या तळव्यावर ठेवायचा, अंगठ्यानं दाबायचा. एक केस, एक दाब. ती काहीतरी गुणगुणत होती, रोवणीच्या बाया गुणगुणतात तसं, शब्दांवाचून. टीनाचं रडणं थांबलं होतं. मी तोडून ठेवलेले खुंटसुद्धा तिच्या चिमट्याला मुळासकट आले. मला दुखलं नाही. दाबलेली जागा तेवढी गार लागत होती.

संपल्यावर मी बेसिनवर हात साबणानं धुतला. केस पाण्याबरोबर गेले, मी डोळ्यांनी पाहिले. टीनाची हनुवटी दिव्याखाली तपासली. काही नाही. तुटलेल्या चार जागांवरही काही नाही.

"झालं," मी म्हणाले. मला हसू आलं. बाईच्या मनाचा खेळ होता, मनानंच सोडवला. मी हे बाबांना सांगायचं ठरवलं.

दुसऱ्या दिवशी टॉवेलचे धागे डाव्या तळव्याला अडकत होते. मे महिना होता, उन्हाळ्यात हात कोरडे पडतात. मी क्रीम लावलं.

लग्न करडीला, दुपारी बाराचं. जांभळाच्या डहाळ्यांचा मांडव, दोन कूलर, त्यातला एक बंद. पंचफुलाबाई माझ्याबरोबर आली होती. तिच्या गावात तिला सगळे ओळखत होते, पण त्या दिवशी ती माझी बॅग धरून माझ्या मागे चालत होती आणि ते तिला आवडत होतं. मी टीनाला तयार केलं. पावडरचा साधा हात पुरला. हनुवटी लहान पोराच्या गालासारखी होती.

मग नवऱ्याची आत्या आत आली.

बायकांनी तिला वाट करून दिली. निर्मलाबाईनं हातातलं ताट खाली ठेवलं. आत्यानं टीनाला नीट पाहिलं, हात पुढे केला आणि तिची हनुवटी बोटांत धरली. मी त्या बोटांकडे पाहत होते. ती हलली नाहीत. मग त्यांनी गालावरून खाली, जबड्यावरून परत वर, सावकाश प्रवास केला.

"अगं माय, लोण्यावानी पोरगी हाय," आत्या म्हणाली आणि कानशिलावर बोटं मोडली.

निर्मलाबाईनं डोळ्यांना पदर लावला. टीनानं माझ्याकडे पाहिलं. इतकं सरळ, इतकं ताठ मानेनं त्या मुलीनं कधी कुणाकडे पाहिलं नसेल. माझ्या कामाचं याहून मोठं सर्टिफिकेट मला कुणी देणार नाही, आणि ते मी मागणारही नाही.

ती मांडवाकडे गेली. मी मागच्या अंगणात आले.

सकाळपासून डावी मूठ मी उघडली नव्हती. आता उघडली.

पाच ओळी. सारख्या अंतरावर, मनगटाकडून बोटांकडे. काळ्याभोर, तकतकीत, नखाएवढ्या उंच. मी फुंकर घातली तेव्हा सगळ्या एकाच बाजूला झुकल्या आणि पुन्हा उभ्या राहिल्या.

मी अंगठ्यानं एक केस ओढून पाहिला. थेट खांद्यापर्यंत कळ गेली.

मांडवात वाजंत्री सुरू झाली. पंचफुलाबाई पाण्याचा पेला घेऊन माझ्यासाठी बाहेर आली होती. तिनं माझा तळवा पाहिला. ती घाबरली नाही, की नवल वाटल्याचंही तिनं दाखवलं नाही. वर आकाशाकडे एकदा बघितलं.

"ऊन लय हाय जी," ती म्हणाली.

आणि पेल्यातलं पाणी तिनं माझ्या तळव्यात हळूहळू ओतलं. मी बोटं वर उचलली, कडा जुळवल्या आणि त्यातला एक थेंबही सांडू दिला नाही.