चावीला हात लावायचा नाही

बेकरीच्या छपराखाली ती पाव घ्यायला उभी होती. पाऊस इतका बारीक, की आपण भिजतोय हे अंगाला बऱ्याच उशिरा कळावं. समोरच्या निळ्या गाडीत एक लांबुडका तरुण घाईघाईने शिरला, त्याने चावी फिरवली, आणि...

खळ्ळ-खट-खट-खट-खट!

चमच्यांनी भरलेला डबा कुणी जिन्यावरून सोडून द्यावा, तसा आवाज. एक श्वास घ्यावा एवढाच वेळ. मग सगळं गप्प, आणि गाडी पोट भरलेल्या मांजरासारखी गुरगुरायला लागली.

रस्त्यावर आणखी कुणाला काही ऐकू आलं नाही. पण हिची गोष्ट निराळी. मामांच्या गॅरेजात ती मेकॅनिक होती आणि तिच्या कानांबद्दल लोक काय काय सांगत! कुणी म्हणे, तीन गल्ल्या पलीकडे एखादं बेअरिंग कुरकुरलं तरी हिच्या हातातला पाना थबकतो. कुणी म्हणे, एका गिऱ्हाइकाच्या पोटातली गुडगुड ऐकून तिने त्याला आधी जेवायला पिटाळलं, गाडी मग बघितली. यातलं निम्मं खोटं धरलं तरी उरलेलं निम्मं काही कमी नव्हतं. गॅरेजात सगळे तिला ‘कानसेन’ म्हणत.

कानसेन पाव विसरली, पावसात उतरली आणि तिने गाडीच्या काचेवर टकटक केली.

काच खाली आली. आत एक चष्मा, चष्म्यामागे दोन गोंधळलेले डोळे.

“लिफ्ट हवीय? बसा ना.”

“बसायचं नाहीये. इंजिन बंद करा.”

“का?”

“करा तर.”

त्याने केलं.

“आता परत चालू करा.”

केलं. नुसती गुरगुर. खट नाही की खुट नाही.

“झालं समाधान?”

“नाही. आता नाही आवाज करायची ती. आता तेल वर चढलंय.”

“तुम्ही तर असं बोलताय, जणू ती शाळेला दांडी मारणारी पोर आहे.”

“पोर कसली, म्हातारी आहे. आणि खोकला लपवतेय. सकाळी गार असताना असंच करते ना?”

“रोज. मला वाटायचं, झोपेतून उठताना कुरकुरते. मीही कुरकुरतो.”

तिला हसू आलं होतं. पण गाडी आजारी असताना हसणं तिच्या शिस्तीत बसत नव्हतं.

“समोर इंजिनाचा पिवळा दिवा लागतो?”

“लागतो. एका गॅरेजवाल्याने सेन्सर बदलून दिला. थोडे दिवस विझला, परत हजर.”

“म्हणजे खरं सांगणाऱ्यालाच हाकललंत.” ती खिडकीशी वाकली. “आत एक चेन असते, सायकलसारखी. खालून इंजिन फिरतं, ते वरच्या व्हॉल्व्हना तिच्यामुळे कळतं. तिला ताणून धरायला टेन्शनर असतो, आणि त्याला जोर येतो तेलाच्या दाबातून. गाडी रात्रभर उभी राहिली की तेल खाली उतरतं. सकाळी तेल परत चढेपर्यंत झिजलेली चेन सैल लोंबते आणि आपटते. ती एक दात जरी घसरली, तर आत व्हॉल्व्ह आणि पिस्टनची टक्कर. इंजिन संपलं.”

तो ऐकत होता. म्हणजे तिच्याकडे बघत होता. कपाळावरून ओघळलेला एक थेंब तिच्या नाकाच्या शेंड्यावर येऊन डुलत होता, आणि तो थेंब पडतो की राहतो, याचीच त्याला जास्त काळजी दिसली.

“पण तुमच्या इंजिनात आणखी एक भानगड आहे,” ती म्हणाली. “व्हॉल्व्ह कधी उघडायचे ती वेळ ते चालता चालता स्वतःच पुढेमागे करतं. ते काम तेलाच्याच एका छोट्या व्हॉल्व्हवर चालतं. तो अडकला तरी तोच दिवा लागतो. तेव्हा चोर कोण, ते गार इंजिनावरच पकडायला हवं. उद्या सकाळी मी तुमच्याकडे येते. आता गाडी घरी नेऊन उभी करा, आणि तोवर चावीला हात लावायचा नाही.”

“बरं,” तो म्हणाला. मग जरा चाचरत... “लवकर समजलं तर बरं होईल. रविवारी मला घाट ओलांडून जायचंय. पलीकडच्या शहरात आमचं चष्म्याचं नवं दुकान निघालंय, ते सांभाळायला. सगळं सामान घेऊन. कायमचंच.”

तो थेंब तेवढ्यात पडला.

*

चष्मेवाला आत्याकडे राहत असे. सकाळी कानसेन लॅपटॉप, वायरी आणि पिशवीभर हत्यारं घेऊन फाटकातून आत आली, तर निळी गाडी अंगणात मजेत गुरगुरत उभी.

“ये गं बाई!” आत्याने हसून स्वागत केलं. “तू येणार म्हणून मघाशीच चालू करून ठेवलीय. एवढ्या थंडीत गारढोण लोखंडात हात घालायचा म्हणजे काय!”

कानसेनने डोळे मिटून घेतले.

“आत्या,” चष्मेवाला म्हणाला, “तिला गारच हवी होती.”

“गार हवी होती? पाहुण्यांना कुणी गार देतं का रे?”

मग चहा झाला. गरम. चहा पिता पिता आत्याने तिला वय विचारलं, गाव विचारलं, घरी कोण कोण असतं ते विचारलं, आणि शेवटी भाच्याकडे वळून, जणू ती तिथे नाहीच, अशा आवाजात म्हणाली, “हात बघितलेस? किती कामसू आहेत.”

“आत्या!”

“मी हातांबद्दल बोलतेय.”

कानसेन फाटकाशी पोचली तेव्हा तो मागून आला. “उद्या याल?”

“यावंच लागेल ना आता.”

“हो... वाईटच झालं,” तो म्हणाला. पण चेहऱ्यावर वाईट झाल्याची काही खूण नव्हती.

दुसऱ्या दिवशी आत्याला ताकीद होती. बॉनेटवर दव साचलेलं. कानसेनने हात टेकवून पाहिला. गार. वायरी जोडल्या, कान टवकारला, त्याला चावी फिरवायची खूण केली.

गुरगुर.

तिने पुन्हा बॉनेटवर हात ठेवला. गारच. लॅपटॉपवरच्या रेघा तेवढ्यात थरथरून सरळ झाल्या आणि हाती काही लागलं नाही. बेकरीसमोरचा तो आवाज तिने ऐकला होता की... नव्हता? तिने तेलाचा छोटा व्हॉल्व्ह काढून त्याची जाळी धुतली. थोडी घाण निघाली. त्यातून होय किंवा नाही, काहीच ठरेना.

गॅरेजात मामा म्हणाले, “मग तो व्हॉल्व्हच असेल गं. साफ केलास ना? जाऊ दे त्याला घाटातून.”

“मी चेन ऐकली होती, मामा.”

“पावसात उभी होतीस. कानात पाणी गेलं असेल.”

मामा थट्टा करत होते. पण ते तिला लागलं. आजवर तिने डोळ्यांवर कधी इतका भरवसा ठेवला नव्हता, जितका कानांवर. आणि आता तोच डळमळला होता.

संध्याकाळी ती घरी जाता जाता चष्म्याच्या दुकानापुढे रेंगाळली. तो दारातच होता.

“चेहरा का असा?”

“माझे कान गेले बहुतेक.”

त्याचा चेहरा कसनुसा झाला. मग घाईने म्हणाला, “कानांचं मला काही कळत नाही. डोळे तपासू?”

कशी कोण जाणे, ती आत जाऊन बसली. त्याने तिच्या नाकावर ती जड, गोल चौकट ठेवली आणि काचा बदलायला लागला.

“हे स्पष्ट... की हे?”

“आधीचं.”

“आता?”

“दोन्ही सारखंच.”

“आणि हे?”

“तेही सारखंच. तुम्ही उगाच काचा बदलताय.”

“हो.”

“का?”

“तपासणी संपली की तुम्ही उठाल.”

बाहेर कुणीतरी सायकलची घंटी वाजवली. दोघांपैकी एकानेही तिकडे पाहिलं नाही. त्याने चौकट अलगद काढली, काढताना तिची बट अडकली, ती सोडवायला त्याला गरजेपेक्षा बराच जास्त वेळ लागला.

“डोळ्यांत काही बिघाड नाही,” तो म्हणाला.

“हे इतक्या दुःखाने सांगतात का कुणी?”

“बिघाड असता तर पुन्हा बोलावता आलं असतं.”

ती घरी आली ती रस्त्यावर पाय न टेकवता आली, असं सांगणारे लोक आहेत. निदान चपला तरी कोरड्या होत्या, आणि रस्त्यात पाणी तुंबलेलं होतं.

*

त्या रात्री तिला झोप लागली नाही. त्याचे बोल आठवत होते, मधूनच ती चेन आठवत होती. पहाटे तिने ठरवलं: ठरल्या वेळेआधीच जायचं आणि एकदा नीट ऐकायचं.

ती गल्लीच्या तोंडाशी होती, तेव्हाच ऐकू आलं.

खळ्ळ-खट-खट-खट-खट-खट-खट!

मागच्यापेक्षा मोठा. मागच्यापेक्षा लांबलेला. लगेच इंजिन बंद. ती धावत फाटकाशी आली. अंगावर शाल, पायांत दोन वेगवेगळ्या चपला आणि हातात चावी घेऊन चष्मेवाला गाडीतून चोरासारखा उतरत होता.

कानसेन फाटक धरून उभी राहिली.

“कालही हेच केलंत?”

त्याने चावी शालीखाली लपवली.

“क्षणभर चालू करून बंद. तेल वर चढतं, बॉनेट गारच राहतं. मीच शिकवलं होतं तुम्हाला. बेकरीसमोर.”

“ऐकून तर घ्या...”

“काय ऐकू? कालपासून मी स्वतःचे कान खोटे धरतेय!” तिचा आवाज फुटला आणि त्यासरशी तुम्हीचं तू कधी झालं, तिलाही कळलं नाही. “आज मी तुला सांगणार होते, चेन ठीक आहे, खुशाल जा. कळतंय का तुला? घाटात, वळणावर, सामानाने भरलेली गाडी बंद पडली असती! आणि तुला पाठवणारी मी असते!”

खिडकीचा पडदा हलला. आत्या होती. पडदा लगेच पुन्हा जागेवर आला.

तो अंगणात तसाच उभा राहिला. मग चष्मा काढून शालीने पुसायला लागला, आणि चष्म्याशिवाय त्याचा चेहरा एकदम लहान मुलासारखा उघडा पडला.

“पहिल्या दिवशी आत्याने चूक केली,” तो म्हणाला, “आणि तू दुसऱ्या दिवशी येणार म्हणालीस. मला इतकं बरं वाटलं, की... गाडीचं निदान झालं की मी जाणार, तू मोकळी. म्हणून मी फक्त एक सकाळ चोरली. मग आणखी एक. तुझ्या कानांचं असं होईल हे माझ्या डोक्यात आलं नाही. काल दुकानात तुझा चेहरा बघितला, तेव्हाच सांगायला हवं होतं. तोंड उघडलं, आणि डोळे तपासू म्हणालो. भित्रा आहे मी.”

तिने पिशवी खाली ठेवली आणि वायरी काढल्या.

“चावी दे.”

तेल वर चढलेलं असलं तरी खूप वेळ, शांतपणे, तिने इंजिन चालू ठेवून लॅपटॉपवर दोन रेघा, एक खालच्या फिरण्याची आणि एक वरच्या व्हॉल्व्हची, एकमेकींखाली लावून बघितल्या. आता घाई नव्हती, आता तिला माहीत होतं काय शोधायचं ते. वरची रेघ खालचीपेक्षा मागे पडत होती. छोटा व्हॉल्व्ह वेळ पुढेमागे करत होता, त्याचं काम चोख होतं. पण जिथून मोजायचं, ती मूळ जागाच सरकली होती. चेन लांबली होती.

“आता ही चालवायची नाही,” ती म्हणाली. “दोर बांधून गॅरेजात न्यायची.”

“आणि मी?”

“तू मागे हिच्यात बसून ब्रेक सांभाळ. तेवढं तरी नीट कर.”

*

इंजिन उघडल्यावर मामांनी शीळ घातली. टेन्शनरचा दांडा होता नव्हता तेवढा बाहेर आला होता, चेन ज्यावरून घसरते त्या पट्टीत खोल चर पडले होते.

“तुझे कान शाबूत आहेत गं,” ते म्हणाले. मग हळूच, इकडेतिकडे बघत, “सामान यायला उशीर झाला असं सांगायचं का त्याला? राहील बिचारा अजून थोडे दिवस.”

तिच्या हातातला पाना थांबला. मामांना वाटलं, ती विचार करतेय. करतच होती. खोटं म्हणायचं तर ते अगदीच लहान होतं.

“नको,” ती म्हणाली. “असं एकाने केलंय. त्याने काय झालं, बघितलंत ना.”

तिने नवी चेन चढवली, नवा टेन्शनर, नव्या पट्ट्या. खुणांना खुणा जुळवल्या, इंजिन हाताने फिरवून पुन्हा जुळवल्या. शनिवारी संध्याकाळी गाडी आत्याच्या अंगणात परत गेली, आणि चावी कानसेनच्या खिशात.

रविवारी सकाळी सामान भरलेलं होतं. धुकं फाटकापर्यंत आलं होतं. आत्या डोळे पुसत होती आणि धुक्याला दोष देत होती. कानसेनने बॉनेटवर हात ठेवला. गार. खरंच गार. तिने त्याच्या हातात चावी दिली.

तो बसला. दोघांनी श्वास रोखला.

चावी फिरली. गुरगुर... नुसती गुरगुर. पहिल्या क्षणापासून.

“झालं,” ती म्हणाली.

“पुन्हा कधी दाखवायला आणू?” त्याने खिडकीतून विचारलं. “महिन्याने?”

“गरज नाही.”

“दोन महिन्यांनी? नवी चेन आहे, काही वाजलं तर...”

“नाही वाजणार. मी बसवलीय.”

त्याने स्टिअरिंग घट्ट धरलं. “मग मी कोणत्या कारणाने येऊ गं?”

ती खिडकीशी वाकली, बेकरीसमोर वाकली होती तशी. पण या वेळी तिने इंजिनाकडे लक्ष दिलं नाही.

“बिघाड नसला तरी ये,” ती म्हणाली. “चष्मेवाल्या... तू मला आवडतोस. त्यासाठी काही मोडावं लागत नाही.”

तो बघतच राहिला. मग दार उघडून उतरला, गाडीला वळसा घालून पलीकडे गेला आणि शेजारच्या सीटवर, मांडीवर खोकं घेऊन, गुमान बसला.

“हे काय?”

“तू चालव. घाटाच्या माथ्यावर चहा मिळतो. तिथून खाली यायला बस असते... असं आत्या म्हणते.”

“आत्याला सगळं बरं माहीत!”

“मी बसबद्दल बोलतेय,” आत्या अंगणातून म्हणाली.

निळी गाडी घाट चढायला लागली आणि धुकं मागे पडत गेलं. अर्ध्या वाटेत तिच्या खिशातला फोन वाजला. तिने तो त्याच्या हातात दिला, त्याने तिच्या कानाशी धरला.

“कुठे आहेस गं?” मामा विचारत होते. “गॅरेज उघडायचंय.”

“टेस्ट ड्राइव्हवर.”

“किती लांब?”

तिने शेजारी पाहिलं. तो फोन धरून बसला होता, आणि फोनबरोबर तिचा कानही त्याने हलकेच धरला होता.

“मामा,” ती म्हणाली, “आज गॅरेज तुम्हीच उघडा.”